ओल्या फडक्याखालच्या तुर्की करंज्या

“करंज्या भरून ठेवल्यात आन् कढई न्हाय चढवली. कुटं गेली म्हणायची ही पोरगी?”

स्वयंपाकघरातून मोठ्या आईचा आवाज आला तेव्हा मी न्हाणीघराबाहेरच्या बोळकांडीत वॉशिंग मशीनसमोर उभी होते. मशीनच्या डोक्यावर ओव्हन होता आणि त्याचा लाल दिवा विझायची, म्हणजे तो पुरेसा तापायची, मी वाट बघत होते. ओव्हनला जाड पिनांचा प्लग लागतो आणि आमच्या घरात तसा सॉकेट तेवढा एकच आहे. त्यामुळे आमच्याकडे एकतर कपडे धुतले जातात, नाहीतर काहीतरी भाजलं जातं. त्या रविवारी कपड्यांचा ढीग बाजूला सारून मी नंबर लावला होता.

मोठी आई म्हणजे माझ्या थोरल्या काकांची बायको. माहेर मंगळवेढ्याचं. आमच्या घरात कोण किती शिकलं, कोण कुठे नोकरीला आहे, याला मान आहे. पण गॅसची खुंटी तिच्या हातात आहे.

“अगं, तो ओव्हन कुठं ठेवलाय? बघू तरी,” दुसरा आवाज आला. या शेजारच्या मावशी. मुलगी बघायला यावं तशा त्या ओव्हन बघायला आल्या होत्या. त्यांच्या नव्या सुनेला केक शिकायचा होता, आणि मोठ्या आईने त्यांना गच्चीवर पापड वाळत घालताना सांगून टाकलं होतं, “आमच्याकडं पेटी नुसती पडून हाय, घेऊन जा.”

पडून होती हे खोटं नव्हतं. ती बाबांना त्यांच्या ऑफिसच्या लकी ड्रॉमध्ये लागली होती. बाबांना खरं तर शेजारच्या टेबलावरचा टेबलफॅन हवा होता. म्हणजे ओव्हन घरात आला तो कुणीच न मागता, आणि माझ्याखेरीज त्याला कुणी हातही लावला नाही. शेवटी आईने निवाडा दिला: “येत्या रविवारपर्यंत त्यातून घरातल्यांनी खावं असं काहीतरी निघू दे. निघालं तर राहील. नाहीतर मावशींना देऊ, त्यांच्याकडे वापर तरी होईल.” आई शाळेत शिकवते. तिचे निवाडे बरोबर असतात, म्हणून त्यांचा जास्त राग येतो.

मला काय करायचं होतं ते माझं केव्हाच ठरलं होतं. मोबाइलवर मला एक तुर्की आजी सापडली होती. डोक्याला फुलाफुलांचा रुमाल, हातात सोन्याच्या दोन बांगड्या, मागे खिडकीत मांजर. ती लोण्यात दही आणि पिठीसाखर फेटते, त्यात मैदा घालून पीठ मळते, किसलेलं सफरचंद दालचिनी घालून आटवते, त्यात अक्रोड टाकते, छोट्या पाऱ्या लाटून त्यात ते सारण भरते, दुमडते, आणि ओव्हनमध्ये ठेवते. बाहेर आल्यावर वरून पिठीसाखरेचा पाऊस. एल्माली कुराबिये. एल्मा म्हणजे सफरचंद आणि कुराबिये म्हणजे बिस्कीट, एवढं मी शोधून काढलं. पण आजी मला आवडली ती वेगळ्या कारणाने. पूर्ण व्हिडिओभर ती एक शब्द बोलत नाही.

मीही फार बोलत नाही. म्हणजे बोलायचं असतं, पण ते आधी डोक्यात इंग्रजीत तयार होतं, आणि त्याला मराठी नेसवून बाहेर आणेपर्यंत घरातला विषय लग्नावरून लाइटबिलावर गेलेला असतो. मग मी मान हलवते. आमच्या घरात माझी मान कुठल्याही बाजूला हलली तरी तो होकार धरतात.

पहिल्या खेपेला मी ट्रे फार खाली ठेवला आणि कुराबिये खालून काळी झाली. काका म्हणाले, “वरून तुर्कस्तान, खालून दगडी कोळसा.” त्यांनी वरचा भाग खाल्ला, हे मात्र मान्य करायला हवं.

दुसऱ्या खेपेला काय झालं ते सांगण्यासारखं आहे. मी अक्रोडाऐवजी शेंगदाण्याचं जाडसर कूट घातलं होतं, कारण सोलापुरात राहून शेंगदाण्याला डावलणं बरं दिसत नाही. कुराबिये भरली, ट्रेमध्ये मांडली, सुकू नयेत म्हणून त्यांच्यावर ओलं फडकं टाकलं आणि ओव्हन तापवायला बोळकांडीत आले. परत गेले तर ट्रे रिकामा, आणि मोठी आई कढईपुढे झारा घेऊन उभी. तेलात सगळीकडे फेस आणि फेसात माझी तुर्की आजी विरघळत होती.

“मोहन लई झालंय गं,” ती मला समजावत होती. मोहन म्हणजे पिठात घालायचं तूप-तेल. “एवढं मोहन घालतेत व्हय? फुटल्या समद्या. पर राहू दे, वाया न्हाय जायच्या.”

आणि खरंच वाया गेल्या नाहीत. तिने झाऱ्याने तो सगळा चुरा उपसला, निथळला, त्यात गूळ किसून घातला आणि लाडू वळले. लाडू उत्तम झाले. बाबा दोन खाऊन म्हणाले, “तुर्कस्तानात लाडू करतात, हे माहीतच नव्हतं.” सगळे हसले. मोठी आई माझ्या पाठीवर हात फिरवत म्हणाली, “बघ, लागली का पेटी?”

मी मान हलवली.

तर आता तिसरी खेप, आणि निवाड्याचा रविवार. मी बोळकांडीत, लाल दिवा अजून पेटलेला, आणि स्वयंपाकघरात कढई गॅसवर ठेवल्याचा तो ओळखीचा ठण्णकन आवाज.

“अजून घरूनच काम करती का गं ही?” मावशींनी विचारलं.

“घरूनच. दिसभर कानाला ते लावून बसती. त्यांच्यासंगं बोलती घडाघडा. आमच्यासंगं बोलायला आदी टाइम घ्यावा लागतोय.”

“इंग्लिश मीडियम ना!”

“व्हय की. फिया भरून मुकी केली.”

मावशी खळखळून हसल्या. मलाही हसू आलं, हे मी कबूल करते. वाक्य चांगलं होतं. पण मी तिथेच उभी राहिले. माझं वाक्य डोक्यात इंग्रजीत तयार होत होतं आणि ते फार नम्र होत चाललं होतं. त्यात ‘ॲक्च्युअली’ दोनदा आलं होतं.

“बघा तरी किती एकसारख्या भरल्यात,” मोठी आई म्हणत होती. तेलाची बरणी उघडल्याचा आवाज आला. “हात चांगला हाय पोरीचा. मुरड घातली न्हाय, नुसतीच दाबलीय काट्यानं, पर चांगल्या दिसत्यात. फडकं बी ओलं करून झाकलंय बगा नीट. म्हंजे मला सांगूनच गेली की, ‘तू तळ.’”

हे ऐकल्यावर मी ओव्हनकडे बघायचं थांबवलं.

आमच्याकडे करंज्यांना तीन बायका लागतात. एक लाटते, एक भरते, एक तळते. तळणारी नेहमी घरातली थोरली, कारण कढईपुढे घाई चालत नाही. भरणारीचं काम झालं की ती करंज्या ताटात मांडते, वर ओलं फडकं टाकते आणि उठून जाते. ती कुणाला हाक मारत नाही. ते फडकं म्हणजेच निरोप असतो. मी लहानपणापासून दिवाळीत हे बघत आले होते. पाऱ्यांच्या ताटाजवळ बसून सारण चाटत आले होते. आणि तरी मागच्या खेपेला आणि आजही मी स्वतःच्या हाताने फडकं ओलं केलं, पिळलं आणि नीट झाकून निघून गेले. मोठी आई माझ्या कामात कधीच लुडबुड करत नव्हती. मी बोलावलं म्हणून ती येत होती.

घरात एवढं स्पष्ट मी आजवर कधीच काही बोलले नव्हते, आणि बोलले तेही चुकीचं.

मी स्वयंपाकघराच्या दारापर्यंत गेले. त्या दोघींची पाठ माझ्याकडे होती. मावशी ओट्याला टेकून शेंगदाणे खात होत्या. मोठ्या आईने फडकं उचलून घडी करून ठेवलं होतं आणि ती ट्रेकडे बघत उभी होती. तिच्या चेहऱ्याची बाजू मला दिसत होती. काहीतरी बिनसलं होतं.

“ह्यात मोदक न्हाय,” ती म्हणाली.

“अगं, तुर्की आहेत त्या.”

“तुर्की असल्या म्हनून काय झालं? समद्या बहिणीच! एक तरी भाऊ नको व्हय?”

ही आमच्याकडची रीत. करंज्या केल्या की त्यात एक मोदक करायचा, मोदक केले की एक करंजी. भाऊ-बहिणीची ताटातूट करायची नाही. व्हिडिओतल्या आजीला हे कुणी सांगितलेलं नव्हतं.

उरलेल्या पिठाचा गोळा वाटीत होता, सफरचंदाचं सारण पातेल्याच्या तळाशी. मोठ्या आईने गोळा तळहातावर घेऊन थापला, बोटाने सारण भरलं आणि पाकळ्या पाडायला लागली. ते लोण्याचं पीठ. ते पाकळी धरेना. एक उभी केली की दुसरी झोपायची. तिने बोटं गार पाण्यात बुडवली आणि पुन्हा सुरुवात केली.

“लई लाडावलंय हे पीठ,” ती पुटपुटली. “ऊठ की रे बाबा. आसा कसा तू.”

मावशी म्हणाल्या, “राहू दे गं, तेलात फुटायचाच तो.”

“फुटू दे. बसवायचा तर नीट बसवायचा.”

मी बघत राहिले. तिला त्या पदार्थाचं नाव माहीत नव्हतं, तो मागच्या वेळी तिच्या कढईत पार विरघळला होता, आणि तरी ती त्याला कुटुंबात घेत होती, पाकळी पाकळी करून. मोदक झाला. जरा एका बाजूला कललेला, पण मोदक. तिने तो ट्रेच्या कोपऱ्यात बहिणींशेजारी ठेवला, हात पुसले, आणि पिठाचा हरभऱ्याएवढा कण तेलात टाकून बघितला.

कण खाली गेला, वर आला, आणि फेस सोडायला लागला.

“मोहन परत तेवढंच,” मोठी आई म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, नुसती काळजी होती. “गुळाचा डबा काढून ठेवा वो मावशी. लाडूच व्हायचे ह्याचे.”

मावशींनी डबा काढला. मग त्या म्हणाल्या, “मग ओव्हन मी आजच नेऊ का? पोरं आहेत घरात, उचलून देतील.”

“न्या की. ती काय बोलती?”

बोळकांडीत ओव्हनने टक् असा आवाज केला. लाल दिवा विझला होता. मोठ्या आईने पहिलं कुराबिये उचललं, कडा तपासली आणि कढईच्या काठापर्यंत नेलं. इंग्रजी वाक्य माझ्या डोक्यात अजून ‘आय वॉज वंडरिंग’पाशीच अडकलेलं होतं. मी ते तिथेच सोडलं. दारातून आत गेले आणि तिचं मनगट धरलं. तिचा हात पुसूनही मैद्याने पांढरा होता आणि गरम होता. ती दचकली नाही. फक्त माझ्याकडे बघायला लागली. गुळाचा डबा हातात धरून मावशीही बघायला लागल्या.

“मोठी आई, गॅस बंद कर,” मी म्हणाले. “या तळायच्या नाहीत, भाजायच्या आहेत. मागच्या वेळीही भाजायच्याच होत्या, फडकं मी चुकून झाकलं. मावशी, ओव्हन मी देणार नाही, पण सुनेला पाठवा, दोघी मिळून केक करू. आणि मोठी आई, तो मोदक असा कोपऱ्यात नको. मधोमध ठेव, तिथे भाजेल नीट.”