होडीतले सहा घड

हल्ली आमच्या नाशिकला लोक वाइन प्यायला येतात. गाड्या भरून येतात, द्राक्षांच्या मळ्यांतून हिंडतात, पाण्यात बोटीतून फिरतात, फोटो काढतात आणि जाताना दोन बाटल्या घेऊन जातात. परवा सून म्हणाली, "आई, आपणही जाऊ या ना एकदा. बोटीतून मळे बघायचे, मस्त असतं म्हणे." मी म्हटलं, मला नको. तिला वाटलं, वाइनमुळे नको म्हणते. वाइनचं मला काही नाही. तशी सहल मी चाळीस वर्षांपूर्वीच केली आहे, आणि ती आठवली की अजून माझे कान तापतात.

त्या सहलीचं सांगायचं तर आधी माझ्या धाकट्या बहिणीच्या नवऱ्याचं सांगावं लागेल. कारण तो आधी मला बघायला आला होता.

बहात्तरचा दुष्काळ सरून वर्ष-दीड वर्ष झालं असेल. मी डी.एड. करून नगरपालिकेच्या शाळेत नुकतीच लागले होते आणि माझं नाक चांगलंच वर होतं. निफाडकडचं स्थळ आलं. गोदावरीच्या काठी जमीन, नवीन द्राक्षबाग, मुलगा कॉलेजात दोन वर्षं काढून शेतीत परतलेला. त्यानं पोह्यांची बशी उचलली आणि मला त्याची नखं दिसली. दहाच्या दहा निळी. बागेवर मोरचूद फवारून फवारून ती तशी झाली होती, हे मला नंतर कळलं. त्या वेळी मला एवढंच कळलं, की असल्या नखांच्या माणसाशी मी संसार करणार नाही. पाहुणे जिना उतरताहेत तोच मी वडिलांना नाही म्हणून सांगितलं.

दुसऱ्या दिवशी माझी धाकटी बहीण, जिनं पाहुण्यांना पाणी नेऊन दिलं होतं, आईला म्हणाली, "ताईला नको असेल तर माझं विचारा." घरात सगळे गार. पण विचारलं, तिकडूनही हो आलं, आणि चैत्रात लग्न लागलं. मी करवली म्हणून मिरवले. शिवाय शेजारणींना सांगत सुटले, "मला शेतात राबायचं नव्हतं बाई."

मला नाशिक रोडला सरकारी नोकरीतले कारकून मिळाले. क्वार्टर मिळालं, दोन खोल्यांचं. आमचे हे स्वभावानं चांगले होते. वाईट असते तर मला कुरकुर करायला निमित्त तरी मिळालं असतं.

पहिली काही वर्षं मी सुखात होते, कारण धाकटीचे हाल चालले होते. कधी रोग पडायचा, कधी गारपीट व्हायची. ती माहेरी आली की तिचे फुटलेले तळवे बघून मी आईदेखत म्हणायची, "काय गं काळवंडलीस! क्रीम लाव जरा." ती हसायची. मग थॉमसनच्या, म्हणजे बिनबियांच्या द्राक्षांच्या, बागा आल्या आणि सगळं फिरलं. तिच्याकडे मोटारसायकल आली, स्लॅबचं घर आलं, फ्रिज आला. फ्रिज आला तेव्हा मी आठ दिवस कुणाशी धड बोलले नाही. आमच्याकडे माठच होता, आणि माठातलं पाणी तब्येतीला कसं चांगलं असतं हे मी वर्गातल्या पोरांनासुद्धा शिकवून टाकलं.

तरी फ्रिज मी सहन केला असता. मला खुपायचं ते वेगळंच. ते दोघं एकमेकांशी बोलायचे. म्हणजे नुसतं "चहा टाक" आणि "भाजी काय आणू" असं नाही. अमुक वेल कमी का फुटली, तमक्या फांदीवर किती घड ठेवायचे, यावर तासन् तास बोलायचे, भांडायचे, मध्येच हसायचे. आमचे हे घरी आले की पेपर तोंडापुढे धरायचे. पेपरच्या वरून त्यांचं टक्कल तेवढं दिसायचं.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. फेब्रुवारीत धाकटीचं कार्ड आलं. "रविवारी दोघंही या. मुलांना आईकडे ठेवा. होडीनं फिरू." तिच्या वस्तीपासून नांदूर मध्यमेश्वरच्या बंधाऱ्याचा फुगवटा सुरू होतो. नदी तिथं अशी पसरते की पाणी वाहतंय हेसुद्धा कळत नाही. दोन्ही काठांनी द्राक्षांचे मांडव आणि पाण्यात थंडीसाठी उतरलेली परदेशी बदकं. पण त्या होडीला दुसरं काम होतं, आणि धाकटीनं ते मला पोचल्या पोचल्या सांगितलं.

घराजवळचा पाऊण एकराचा तुकडा त्या वर्षी तिच्या नवऱ्यानं पूर्ण तिच्यावर सोडला होता. छाटणी तिची, विरळणी तिची. एकेका घडातले जास्तीचे मणी तिनं स्वतः कात्री घेऊन काढले होते. पलीकडच्या काठावर दिल्लीकडचा एक मोठा व्यापारी आला होता आणि दुपारी परत जाणार होता. त्याला तिच्या तुकड्यातले सहा घड दाखवायचे होते. त्यानं माल पसंत केला तर माल थेट दिल्लीला जाणार आणि पुढच्या वर्षी नदीकडची नवी मोठी बाग तिनं सांभाळायची, असं दोघांचं ठरलं होतं. नाही केला तर तिनं आपलं घर आणि गोठा बघायचा. "यांनी शब्द दिलाय ताई," ती म्हणाली. "मला लय धाकधूक होतेय." दहा वर्षांत तिच्या तोंडात 'लय' बसलं होतं. मला ते ऐकवायचं नाही.

घड तिनं लाकडी पेटीत कागदाच्या कात्रणांवर निजवले होते. "देठाला धरायचं फक्त," ती मला म्हणाली. "मण्याला बोट लावायचं नाही. ही वरची पांढरी भुकटी दिसते ना, ती औषधाची नाही, द्राक्षाची स्वतःची असते. ती गेली की माल मेला. व्यापारी आधी तीच बघतो." शहरातले सगळे ती फवारणीची घाण समजून पुसतात आणि मग खातात, असं सांगून ती हसली. मीही हसले. मी घरी तेच करत होते.

होडी एका भोयाची होती. तो मागं वल्हं मारत होता. आमचे हे होडीच्या कडेला घट्ट धरून, डोक्यावर हातरुमाल बांधून बसले होते. पाणी कमरेइतकं आहे असं भोई तीनदा सांगून चुकला, तरी ह्यांचा विश्वास बसेना. पेटी माझ्या शेजारी ठेवली होती, कारण मधली जागा कोरडी होती आणि तिथं मी होते. धाकटी आणि तिचा नवरा पुढं बसले.

देखावा सुंदर होता, नाही म्हणत नाही. मांडवांच्या हिरव्या छपराखाली घड लोंबत होते, बायका माल काढत होत्या, त्यांचं बोलणं पाण्यावरून आमच्यापर्यंत येत होतं. बदकं एकदम उडायची आणि थोडं पुढं जाऊन बसायची. मला वाटत होतं, हे सगळं माझं असतं. ही होडी, हे पाणी, हा काठ. मी नाही म्हटलं नसतं तर पुढच्या फळीवर मी बसले असते.

मग एक गोष्ट झाली. अगदी क्षुल्लक. होडीच्या तळाला थोडं पाणी साचलं होतं. धाकटीच्या चपला त्यात भिजत होत्या. तिचा नवरा बदकांबद्दल काहीतरी सांगत होता. सांगता सांगता तो वाकला, चपला उचलल्या, झटकल्या आणि वर फळीवर कोरड्या जागी ठेवल्या. बोलणं थांबवलंसुद्धा नाही. तिनंही वळून पाहिलं नाही. तिला सवयच असावी.

माझ्या अंगाचा नुसता भडका उडाला. माझ्याही चपला भिजत होत्या. ह्यांना मी खूण केली तर हे म्हणाले, "हलू नकोस, होडी कलते."

पुढच्या दोघांची माझ्याकडे पाठ होती, ह्यांचे डोळे पाण्यावर खिळले होते आणि भोयाला माझी पाठच दिसत होती. मी पेटीत हात घातला आणि एक घड उचलला. साडी गडद जांभळी होती. पदराचं टोक घेऊन मी मणी पुसायला लागले. आधी स्वतःला म्हटलं, किती घाण दिसतंय हे, पाहुण्यापुढे असं ठेवतात का. दुसऱ्या घडाला मी स्वतःला काहीच म्हटलं नाही. तिसऱ्यापासून मला नीट माहीत होतं मी काय करतेय, आणि मी एकेक मणी धरून पुसला. सहाही घड काचेसारखे चकचकीत झाले. कात्रणांवर ते जसेच्या तसे ठेवले आणि हात पाण्यात बुडवून धुतले.

पलीकडे व्यापारी खुर्ची टाकून बसला होता. धाकटीच्या नवऱ्यानं पेटी समोर ठेवली. व्यापाऱ्यानं एक घड देठाला धरून उचलला, उन्हात फिरवला, खाली ठेवला. मग दुसरा. चव घेतली नाही. तो हिंदीत म्हणाला त्याचा अर्थ असा, की गोडी असेल, पण नमुन्याला ज्यांचा असा हात लागतो ते बागेत काय करत असतील? दिल्लीपर्यंत हा माल टिकायचा नाही. माझा माणूस दुसरीकडचा माल बघेल.

धाकटीचा नवरा पेटीत बघतच राहिला. "हे कुणी पुसले?"

धाकटीनं माझ्याकडे पाहिलं. माझ्या चेहऱ्याकडे नाही, पदराकडे. जांभळ्या कापडावर पांढरट पट्टे उमटले होते. लहान मुलालाही कळलं असतं.

"मीच," ती म्हणाली. "पाहुण्यांपुढं चांगले दिसावेत म्हणून. डोकं चाललं नाही माझं."

"तू?" तो म्हणाला. मग इतक्या लोकांसमोर, माझ्यासमोर, तो तिला बोलला. "इतकी वर्षं झाली, आणि एवढं कळत नाय तुला? आणि बाग सांभाळायला निघाली." आवाज चढवला नाही. आवाज चढवला असता तर बरं झालं असतं.

आता खोटं कशाला बोलू. त्या क्षणी मला बरं वाटलं. पहिल्यांदा तो तिच्याशी इतर नवऱ्यांसारखा बोलला होता. हे सुख फार तर मिनिटभर टिकलं, पण होतं.

काठावर बाभळीखाली जेवलो. बाजरीची भाकरी, भरली वांगी, दही. धाकटीनं सगळ्यांना वाढलं. मला दोनदा आग्रह केला. नवरा तिच्याकडे न बघता जेवला. परतीच्या होडीत तो भोयाशेजारी मागं जाऊन बसला आणि ती माझ्याजवळ येऊन बसली. मग हळूच म्हणाली, "का गं ताई?"

तिचा नवरा दोन हातांवर बसला होता. "मी पुसले" एवढे दोन शब्द बोलायचे होते. फार तर मला शहरी बावळट ठरवून सगळे हसले असते आणि तिची बाग तिला मिळाली असती. व्यापाऱ्यांचं काय, दुसरा आला असता. नवऱ्याचा विश्वास तेवढा परत आला असता. मला हे सगळं तेव्हाच, तिथंच, स्पष्ट दिसत होतं.

"काय का?" मी म्हटलं.

तिनं मान हलवली.

होडी त्यांच्या काठाला लागली. ती आधी उतरली, वळली आणि तिनं मला हात दिला. "ताई, तुम्ही सांभाळून उतरा," ती म्हणाली. "चिखल आहे."

जन्मापासून ती मला 'तू' म्हणत आली होती. भांडताना, रडताना, सासरी जाताना गळ्यात पडून. मला वाटलं, माणसांसमोर म्हणून म्हणाली असेल. घरी गेल्यावर म्हणाली, "तुम्ही चहा घेणार का?" निघताना म्हणाली, "तुम्ही पुन्हा या." नवी बाग पुढच्या वर्षी तिच्या नवऱ्यानंच केली. मी गेले की ती माझ्यासाठी पाट मांडते, पहिलं ताट मला वाढते, दिवाळीला साडी देते. माझ्या मुलाच्या लग्नात तिनं वाकून मला नमस्कार केला आणि विचारलं, "ताई, तुम्ही दमला नाहीत ना?"

माझ्या विहीणबाई शेजारीच उभ्या होत्या. त्या सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "बघा, मोठ्या बहिणीचा मान ठेवावा तर असा." सगळ्यांनी मान डोलावली. मीही डोलावली.