कपाटातला राग

घोंगडीत काय काय घालता येतं, हे सासूनं मला लग्नानंतरच्या पहिल्याच उन्हाळ्यात शिकवलं. ताण्याच्या धाग्यांना चिंचोक्याची खळ लावताना आधी खळीत बोट बुडवायचं आणि आपल्यातली एक गोष्ट मनात धरायची. झोप, भूक, राग, काहीही. ती खळीतून लोकरीत जाते आणि जो घोंगडी वापरतो त्याला लागते. आपल्यातून मात्र ती जाते. फुकट काही नसतं.

घोंगडी झिजली की ती गोष्ट परत येते. माणसानं उन्हापावसात पांघरली, पोरांनी मातीत ओढली, की खळ निघते आणि आपली वस्तू आपल्याकडं चालत येते. सासूनं एकदा एका मरतुकड्या पोराला स्वतःची भूक दिली होती. ते पोर शेरडांमागं हिंडायचं. एका पावसाळ्यात त्यानं घोंगडीचं फडकं केलं आणि दसऱ्याला सासू पुन्हा भाकरीवर तुटून पडली. लग्नात द्यायच्या घोंगडीत मात्र ती कधी काही घालत नसे. ती ट्रंकेत जाऊन पडते, म्हणायची.

तो नियम मी पाळला. फ्लॅटबद्दल सासू काही बोलली नव्हती. तिच्या वेळी फ्लॅट नव्हते.

ही नव्वद सालानंतरची गोष्ट. आमच्या श्रीगोंद्याकडच्या गावात शाळेवर एक बाई होत्या. शिकवायला चांगल्या, पण कुणाला नाही म्हणणं त्यांना जमायचं नाही. मुख्याध्यापक आपलं काम त्यांच्या गळ्यात घालायचे आणि वर त्यांच्याच डब्यातली भाजी खायचे. बाईंची बदली नगरला झाली, नवऱ्यानं सावेडीत फ्लॅट घेतला. जाण्याआधी, घोंगडीचं कुठूनसं ऐकून, त्या आमच्या मागाच्या छपरीत येऊन बसल्या.

"मावशी, तुमच्यातला थोडा राग मला द्या ना."

"थोडा न्हाई देता येत. सगळा जातो."

"मग तुमचं कसं होणार?"

मी काही बोलायच्या आत मागावरून नवरा म्हणाला, "न्या बाई, न्या. गावाला तेवढाच इसावा."

खळ मी लावली, विणली त्यानं. बाईंच्या हातात काळी घोंगडी देताना मी बजावलं, "रोज अंथरा, बसा, लोळा. हिला जपू नका." बाईंनी मान हलवली.

त्या दिवसापासून मी गोड झाले. आधी बरं वाटलं, डोकं दुखायचं थांबलं. शेजारणीच्या कोंबड्या माझ्या वाळवणात शिरल्या तरी मी म्हणायची, खाऊ द्या, मुकं जनावर. बाया म्हणाल्या, हिला वयानं शहाणपण आलं. शहाणपण कसलं? हिवाळा गेला, पावसाळा गेला, पण राग काही परत येईना.

मग धाकट्या दिरानं टेम्पो घेतला.

"वैनी, टेम्पोला सावली पायजे. मागाची छपरी पाडतो. आता घोंगड्या घेतंय कोन? लोकं मिलची ब्लँकेटं घेत्यात."

"बरं," मी म्हणाले.

मागावर बसलेल्या नवऱ्याच्या हातातला धोटा हातातच राहिला. तो भावापुढं कधी तोंड उघडायचा नाही. आमच्या घरात माग त्याचा आणि भांडण माझं, अशी वाटणी होती. दीर गेल्यावर तो म्हणाला, "अगं, बरं काय म्हणतीस? छपरी गेली तर मी काय टेम्पोत बसून इनू? जा, तुजा राग घेऊन ये."

दुसऱ्या दिवशी पहाटेच्या एसटीनं मी नगरला आणि तिथनं रिक्षानं सावेडीला गेले. बाईंनी चहा केला. मी घोंगडीचं विचारल्यावर त्यांचा चेहरा खुलला. लोखंडी कपाट उघडून त्यांनी एक पुडकं काढलं. वर प्लास्टिक, आत घडी, घडीत डांबराच्या गोळ्या.

"एकदाही अंथरली नाही, मावशी. तुम्ही एवढं मोठं काही दिलंत, ते खराब कसं होऊ देणार?"

"बरं केलं," मी म्हणाले. घशात दुसरं काही येतच नव्हतं. राग असता तर राग मागितला असता.

आतून बाईंच्या नवऱ्याचा आवाज आला, "अगं, शेजारची मुलं आजपासून शिकवणीला पाठवायला सांगितलंय. मी हो म्हणालोय."

"बरं," बाई म्हणाल्या.

गावाकडं काय नवीन, असं बाईंनी विचारलं, तेव्हा मी सांगितलं, "दीर छपरी पाडनार हाय. चांगलंच हाय की. टेम्पोला सावली हुईल."

बाईंचा कप तोंडापाशी थांबला. "मावशी, हे तुम्ही बोलताय?"

"व्हय."

त्यांनी घोंगडीकडं पाहिलं, मग माझ्याकडं. त्या शाळेतल्या बाई होत्या, समजायला वेळ लागला नाही. "झिजायला तर वर्षं लागतील. धुतली तर?"

"खळ ऊन पाण्यानंच निघती, पन लोकर आटती."

"आटू दे."

बाईंनी पाणी तापवलं, टब गच्चीवर नेला. मी लुगडं, त्यांनी साडी वर खोचली आणि दोघी घोंगडी तुडवायला लागलो. पाणी आधी काळं झालं, मग खळीनं बुळबुळीत. माझे तळपाय तापले, मग पोटऱ्या, मग कान. तो ताप मी लगेच ओळखला.

"येवढी उंची घोंगडी प्लास्टिकात कोंबली? गोळ्या घालून? मी काय झुरळ हाय?"

"ओरडू नका, मावशी! वर्षभर पत्ता नाही, आणि आल्यावरही तोंडानं सांगता येत नाही?"

बाई स्वतःच्याच आवाजानं दचकल्या. त्यांचेही पाय टबात होते. रागाची वाटणी होते हे सासूनंही सांगितलं नव्हतं. मला हसू फुटलं, मग त्यांनाही. तेवढ्यात त्यांचा नवरा वर आला. "काय चाललंय हे? खाली पाणी गळतंय. आणि मुलं येऊन बसलीत."

"मग जा, शिकवा. हो तुम्ही म्हणालात."

तो खाली गेला. बाईंनी टबाचा काठ धरला. चेहरा मोकळा झाला होता. त्यांच्या पायांना जेवढा लागला तेवढा मी त्यांच्याकडंच राहू दिला. मला काही कमी पडला नाही.

संध्याकाळच्या आत घरी पोचले. दीर छपरीवर चढून पत्रे सोडवत होता. नवरा खाली शिडी धरून उभा, भाऊ पडू नये म्हणून.

"उतर खाली," मी म्हणाले.

"वैनी, तुमीच बरं म्हनाल्या हुत्या!"

"म्हनाले. आता न्हाई म्हनते. उतर, न्हाईतर शिडी काढते, बस वर बगळ्यासारखा."

"दादा, सांग की हिला!"

"मी काय सांगू?" नवरा म्हणाला आणि शिडी सोडून आत गेला. दीर पत्र्यावर बसून बरंच बडबडला. मी शिडीवर हात ठेवून ऐकून घेतलं, मग पत्रे पुन्हा ठोकायला लावले. ठोकणं संपायच्या आधीच आत माग सुरू झाला होता.

त्यानंतर तो माग बरीच वर्षं चालला. टेम्पो लिंबाखाली उभा राहायचा आणि कावळे त्याच्यावर घाण करायचे. दीर रोज सकाळी माझ्याकडं बघत काच पुसायचा. पुसेना का.