आईची शेजवान आणि माझं "मस्त"

निघायच्या दिवशी माझी बॅग तीनदा उघडली गेली आणि तिन्ही वेळा एकाच गोष्टीसाठी. दादाने वजनकाट्याला बॅग लटकवायची, काट्याने जास्त दाखवायचं, मी चिडून आईची एक बाटली बाहेर काढायची आणि तोंड धुऊन येईपर्यंत ती बाटली पुन्हा आत गेलेली असायची. शेवटी एकदाचं वजन बरोबर भरलं. मला वाटलं, आई समजली. कॉर्कला पोचून बॅग उघडली तेव्हा चारही बाटल्या जागच्या जागी होत्या आणि माझं लोकरी जॅकेट गायब होतं. ते तिने अंबरनाथच्या कपाटात ठेवून दिलं होतं. आयर्लंडमध्ये तेव्हा जानेवारी चालू होता. फोन करून ओरडले, तर शांतपणे म्हणाली, "जॅकेटं काय तिथल्या दुकानात मिळतात. शेजवान मिळते का?"

शेजवान म्हणजे शेजवान चटणी. अंबरनाथ, बदलापूर, उल्हासनगरच्या माणसाला हे सांगायची गरज नाही, पण बाहेर पडल्यापासून मला ही चटणी इतक्यांना समजावून सांगावी लागली आहे की आता कंटाळा येतो. आमच्याकडे ती डोशावर लागते, पावाला लागते, फ्रँकीत जाते, भेळेत जाते. गाडीवाला तव्यावरून मान वर न करता विचारतो, "ताई, शेजवान मारू?" आणि आपण नाही म्हटलं तर त्याला वाटतं आपली तब्येत बरी नाही. आमच्या घरात ती खिचडीवर आणि थालीपिठाबरोबरही खाल्ली जायची. पप्पा होते तोवर भाकरीशी खायचे. मात्र त्यांनी तिला शेजवान कधी म्हटलं नाही. "ही आपली मिरचीच आहे, नाव तेवढं चायनीज," असं दर वेळी सांगायचे. पहिल्यांदा ते विनोदी होतं.

पप्पांचं तसं खोटं नव्हतं. आई साताऱ्याकडची, तिचा हात ठेच्याचा. लग्न होऊन इकडे आल्यावर ती उल्हासनगरला चार नंबर कॅम्पात मोहिनी आंटींकडे पापड-लोणच्याच्या कामाला जायची. आंटी सिंधी, धंद्यात पक्क्या. आई डब्यातला ठेचा सगळ्या बायकांना वाटायची, तो आंटींना आवडला आणि तो विकायचा असं दोघींनी ठरवलं. तो काही खपेना. तेव्हा आंटी म्हणाल्या, "ठेचा कोई नहीं लेगा. इसमें थोडा विनेगर डाल, थोडा सॉस डाल, और शेजवान चटणी बोल. सब लेंगे." सगळ्यांनी घेतली. पुढे आंटींचे गुडघे गेले, त्यांनी काम बंद केलं आणि आईने स्वतःच्या स्वयंपाकघरात सुरू केलं. कॅम्पातून मिरची आणायची, गरम पाण्यात भिजवायची, लसूण सोलायला सगळ्या घराला बसवायचं आणि तेल सुटेपर्यंत परतायचं. बिल्डिंगमधली घरं, स्टेशनजवळचा डोसेवाला, बदलापूरचे दोन चायनीजवाले अशी गिऱ्हाइकं झाली. मला लहानपणी कुणी आईचं नाव घेऊन विचारल्याचं आठवत नाही. "शेजवानवाल्या मावशी कुठे राहतात?" असंच विचारायचे.

कॉर्कला मी एका नर्सिंग होममध्ये, म्हणजे म्हाताऱ्या माणसांच्या निवासात, केअर असिस्टंट आहे. घर चौघींत शेअर केलेलं. पहिल्या वर्षी त्या चार बाटल्या मी चमच्याने मोजून खाल्ल्या. घरातली एक मुलगी चीनची निघाली, ती नेमकी सिचुआनची, म्हणजे ज्या प्रांताचं नाव आपण शेजवान करून टाकलंय तिथली. तिला मोठ्या कौतुकाने ब्रेडला लावून दिली. तिने मन लावून खाल्ली आणि अगदी आदराने विचारलं, हे भारतातल्या कुठल्या भागातलं. मी सांगितलं, अंबरनाथ पूर्व.

नंतर मात्र त्या बाटल्यांचा त्रास व्हायला लागला. खरं बोलते, तुमच्यापैकी जे अंबरनाथकडे आहेत त्यांनी रागावू नका. माझ्यासारखे जे बाहेर आहेत त्यांना कळेल. आई कुणाही येणाऱ्याच्या हाती बाटली पाठवायची. तो माणूस राहणार डब्लिनला, म्हणजे माझा सुट्टीचा एक दिवस बाटली आणण्यात जायचा. वर त्याचे कपडे लाल झालेले असायचे, म्हणून त्याची माफी मीच मागायची. आणि रविवारी फोनवर आईचा पहिला प्रश्न ठरलेला. मी कशी आहे, रोस्टर कसा आहे, पाठीचं दुखणं कसं आहे, हे सगळं नंतर. आधी, "शेजवान कशी झाली?" मी म्हणायचे, "मस्त." बाटली उघडलेली असो किंवा नसो. तेवढ्यावर विषय संपायचा आणि मला तेच हवं असायचं.

मग एका बाटलीची चटणी भयंकर खारट निघाली. वाटलं, एखाद्या वेळी होतं. त्या रविवारी "मस्त". पुढची बाटली त्याहून खारट आणि लसूण जवळजवळ कच्चा. तरी "मस्त". तिसरी मी पूर्ण फेकली. आमच्याकडे फेकणंसुद्धा सोपं नाही. चटणी ओल्या कचऱ्याच्या ब्राऊन बिनमध्ये, प्लास्टिकची बाटली धुऊन ग्रीन बिनमध्ये. त्या तेलावर मी गरम पाणी ओतत उभी होते, सगळ्या घरात ठसका उडाला होता, खोकत खोकत बाकीच्या तिघी खिडक्या उघडत होत्या, आणि मला आईचा राग येत होता. इतका हट्ट कशाला? नको आहे मला, पाठवू नकोस, असं सरळ म्हणावं असं मनात आलं. पण त्या रविवारीसुद्धा मी "मस्त"च म्हणाले. चौथी आली तीही तशीच गेली.

याच महिन्यांत आमच्या नर्सिंग होममधल्या एक आजी बटाट्यावर चव न बघताच मीठ ओतायला लागल्या होत्या. आम्हाला ट्रेनिंगमध्ये शिकवलेलं असतं, माणूस अचानक जास्त मीठ मागायला लागला की लक्ष ठेवायचं, चव किंवा वास गेलेला असू शकतो. मी त्याच दिवशी फॉर्म भरला, नर्सला सांगितलं. सुपरवायझरने सगळ्यांसमोर माझं कौतुक केलं. मी घरी आले आणि माझ्या आईची खारट चटणी बिनमध्ये ओतली. आज हे लिहिताना स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटते.

सुट्टीवर अंबरनाथला गेले तेव्हा पहिल्याच सकाळी उलगडा झाला. आई अंघोळीला गेली होती. स्वाती, म्हणजे दादाची बायको, माळ्यावरून एक पातेलं काढत होती. त्यात मिठाशिवाय परतलेली मिरची होती. ती तिने पटापट आईच्या टोपात कालवली आणि मला बघून घाबरली. मग तिने सगळं सांगितलं. गेल्या वर्षी आईला ताप आला होता, मला "जरा सर्दी" म्हणून सांगितलेला. त्यानंतर तिच्या तोंडाला चव नव्हती आणि नाकाला वास नव्हता. आईने ते कुणाला कळू दिलं नाही. पण ती मीठ दोनदा घालायची आणि लसूण झाला की नाही हे तिला कळत नव्हतं. डोसेवाल्याने "मावशी, अभी स्टॉक है" म्हणत घेणं थांबवलं. बिल्डिंगमधल्या बायका घेऊन जायच्या, छान झाली म्हणायच्या आणि गपचूप टाकून द्यायच्या. म्हणजे कॉर्कपासून अंबरनाथपर्यंत आम्ही सगळे एकच नाटक करत होतो.

स्वाती जमेल तेवढं सावरत होती. पण आता तिच्या हाताबाहेर जाणार होतं. तिसऱ्या मजल्यावरच्या मुलीचा साखरपुडा सहा दिवसांवर होता. चायनीज भेळेचा काउंटर होता आणि शेजवान आईची, असं महिनाभर आधी ठरलं होतं. आई सगळ्यांना सांगत सुटली होती. दोनशे माणसांसमोर ती चटणी तोंडात घालून लोकांनी थुंकली असती तर आईने पुन्हा जिन्यात तोंड दाखवलं नसतं. मी स्वातीवरच चिडले, की तू इतके दिवस बोलली का नाहीस. तिने पातेलं धुऊन पालथं घातलं आणि म्हणाली, "ताई, तुम्ही सांगा. तुम्ही जाणार आहात. मला इथे राहायचंय."

मी ते पातेलं पुसलं आणि पुन्हा माळ्यावर ठेवून दिलं.

दोन दिवस मी नुसती मनात घोळवत राहिले. तिसऱ्या दिवशी आई साखरपुड्याची मिरची भिजवायला बसली तेव्हा तिच्यासमोर स्टूल ओढून बसले आणि सांगितलं. गोल गोल काही बोलले नाही. चटणी खारट होते, लसूण कच्चा राहतो, तुला चव येत नाही हे आम्हाला माहीत आहे. आई मिरचीची देठं काढत राहिली.

"कधीपासून?"

"वर्ष झालं असेल."

"आणि तू दर रविवारी काय म्हणायचीस?"

तिने गॅस बंद केला, हात धुतले, पदराला पुसले. मला वाटलं ती ओरडेल. ओरडली असती तर बरं झालं असतं. ती म्हणाली, "सगळ्यांनी मिळून मला म्हातारी करून टाकलीत," आणि आतल्या खोलीत जाऊन पडली. मिरची त्या दिवशी तशीच भिजत राहिली.

पुढचे दोन दिवस ती माझ्याशी बोलली नाही. जेवायला वाढायची, माझ्याकडे बघायची नाही. स्वातीशी बोलायची, तेही कामापुरतं. दादा मला बाजूला घेऊन म्हणाला, साखरपुडा झाल्यावर सांगितलं असतंस तरी चाललं असतं. मी त्याला विचारलं, कसं चाललं असतं? त्यालाही माहीत नव्हतं. मला सगळ्या घराचा वैताग आला होता, स्वतःचा सगळ्यात जास्त. चार वर्षांनी तीन आठवड्यांसाठी आलेली मुलगी येते आणि आईचं एवढं एकच काम तिच्या हातातून काढून घेते, असंच ते दिसत होतं.

साखरपुड्याच्या आदल्या दिवशी सकाळी आईने नवीन मिरची भिजवली. टोप चढवला, लसूण टाकला, मग स्वातीला हाक मारली. चमचा तिच्या हातात दिला आणि म्हणाली, "सांग. आणि खरं सांग." स्वाती चाखत होती, आई मीठ घालत होती. लसूण कधी झाला हेही तिने स्वातीलाच विचारलं. मध्ये एकदा मी पुढे झाले, तर आई म्हणाली, "तू नको. तुझ्या जिभेवर माझा विश्वास नाही." मी बाहेर जाऊन बसले. साखरपुड्यात चटणी चांगली झाली होती. कुणी विशेष काही बोललं नाही, जे आमच्याकडे चांगलं झाल्याचंच लक्षण आहे. नंतर नाक-घशाच्या डॉक्टरांकडे नेलं. ते म्हणाले, तापानंतर असं होतं, कधी वास परत येतो, कधी नाही, वाट बघा. आई परतताना रिक्षात एवढंच म्हणाली, की वाट तर ती वर्षभर बघतच होती.

मी परत कॉर्कला आले. आता रविवारचा फोन अवघड झाला आहे. आई विचारते काय खाल्लंस, तर मला खरं सांगावं लागतं, की तीन दिवस नुसता टोस्ट खाल्ला, पाठ धरली आहे, रूममेटशी भांडण झालं. ती ऐकून घेते आणि मग तासभर बोलते. मीही विचारते आणि तीही सांगते, आज कशालाच चव नव्हती, कंटाळून अर्धी भाकरी ठेवली. पूर्वी पाच मिनिटांत संपायचं ते आता संपत नाही आणि दोघी चिडून फोन ठेवतो. इथल्या मुली विचारतात, तुझं घर कुठे? पूर्वी मी अंबरनाथ सांगायचे आणि मनात तिथला बाजार, आमचा जिना असं काहीतरी यायचं. आता हा रविवारचा त्रास आठवतो. माझं घर म्हणजे सध्या तेवढंच आहे, आणि ते मला चार वर्षांत पहिल्यांदाच खरं वाटतंय.

गेल्या मंगळवारी शिफ्टमध्ये, भर दुपारी, आईचा फोन आला. ती कामाच्या वेळी कधी फोन करत नाही. हातमोजे न काढताच मी कॉरिडॉरमध्ये धावले. ती म्हणाली, "लसूण करपला. अख्खा टोप फेकला." मी संतापले. एवढ्यासाठी फोन केलास? ती म्हणाली, "अगं, स्वाती घरी नव्हती. मी बाहेर होते. मला वास आला, म्हणून पळत आत गेले."

मग मी विचारलं, "खरंच आला? की मला बरं वाटावं म्हणून सांगतेस?"

"मी काय तुझ्यासारखी आहे?" आई म्हणाली, आणि फोन ठेवून दिला.