आजोबांच्या नावाची नोटीस

बाबा एका कचेरीत तेहतीस वर्षं आवक-जावक कारकून होते. आलेला कागद डाव्या पानावर, गेलेला उजव्या पानावर. निवृत्तीनंतर लोक तीर्थयात्रेला जातात. बाबांनी घरात रजिस्टर सुरू केलं. मुलुंडच्या आमच्या बैठ्या घरात विजेचं बिलसुद्धा क्रमांक पडल्याशिवाय आत येत नसे. माझ्या लग्नाची पत्रिका छापून आली तेव्हा 'विषय' या रकान्यात त्यांनी 'कन्येचा विवाह' असं लिहिलं आणि शाई वाळू दिली. मी दोन दिवस बोलले नव्हते.

घर आजोबांचं. कोकणातून येऊन ते गिरणीत लागले आणि मुलुंडला जंगल म्हणायचे त्या काळात त्यांनी ही जागा घेतली. पुढची खोली त्यांनी सुट्ट्यांच्या दिवशी स्वतः विटा रचून बांधली. एक भिंत किंचित तिरकी आहे, पण उभी आहे. आता तिथे आईचं शिवणयंत्र आणि बाबांचं टेबल असतं.

एका शुक्रवारी सकाळी महापालिकेची गाडी आली, मागे जेसीबी. मी तेव्हा माहेरीच होते. शनिवार-रविवार कोर्टं बंद, म्हणून पाडकामाला शुक्रवार सोयीचा, हे मला नंतर कळलं. एका तरुण अभियंत्यानं सांगितलं की रस्ता रुंद होणार आहे, पुढची खोली रेषेत येते, दोन तासांत सामान हलवा.

"नोटीस?" बाबांनी विचारलं.

"दिलीय ना काका, कधीच."

बाबा रजिस्टर घेऊन आले. पानं उलटली, बोट फिरवलं. "आवक नाही," ते म्हणाले. त्यांच्या लेखी विषय संपला होता.

अभियंत्यानं फायलीतून प्रत काढली. नोटीस आजोबांच्या नावाची होती आणि खाली शिपायाचा शेरा होता: 'घेण्यास नकार'. आजोबांना जाऊन एकवीस वर्षं झाली होती.

आई पदराला हात पुसत बाहेर आली. "एक जण इल्लो खरो. विचारल्यान, हे आसत काय? म्हटलंय, नाय. कधी गावतले? म्हटलंय, आता गावूचे नाय." तिच्या मते तिनं अगदी खरं उत्तर दिलं होतं, आणि ते होतंच.

मी समोरच्या इमारतीतल्या वकील मैत्रिणीला फोन केला. ती डबा हातात घेऊनच आली. कागद वाचला आणि अभियंत्याकडे वळली. "साहेब, मालमत्तेचा हक्क मूलभूत राहिला नसेल, पण घटनेतून गेलेला नाही. कायद्यानं अधिकार दिल्याशिवाय सरकारला कुणाची जागा काढून घेता येत नाही. संपादनाचा आदेश दाखवा. सुनावणी कधी झाली ते सांगा. आणि गेलेल्या माणसाला बजावलेली नोटीस कुणालाच बजावलेली नसते."

अभियंता काही अगदीच मठ्ठ नव्हता. "मग मालक कोण?"

"मी," बाबा म्हणाले.

"मिळकत पत्रिकेवर नाव कुठाय तुमचं?"

 लग्नपत्रिकेला क्रमांक देणाऱ्या माणसानं स्वतःच्या घराची वारस नोंद केली नव्हती. मी दहा वेळा सांगितलं होतं. दर वेळी म्हणे भूमापन कार्यालयातला सर्व्हर बंद असायचा. वाट लागली, मी मनात म्हटलं.

"मुलगा वारस आहे आणि ताबा त्याच्याकडे आहे," मैत्रीण शांतपणे म्हणाली. "मी आत्ता कोर्टात चाललेय. तोवर एक वीट जरी हलली, तर उत्तर तुम्हाला द्यावं लागेल, जेसीबीला नाही."

अभियंत्यानं कुणाला तरी फोन लावला, त्यांनी आणखी कुणाला. तोवर आईनं जेसीबीच्या ड्रायव्हरला चहा दिला आणि मग अभियंत्यालाही. कप घेताना तो जरा ओशाळला. दुपारी मैत्रिणीचा फोन आला: वारसांना रीतसर नोटीस आणि सुनावणी होईपर्यंत भिंतीला हात लावायला कोर्टाची मनाई. जेसीबी मागे फिरला.

माझा राग मात्र तेव्हा वर आला. "बाबा, आज खोली गेली असती. इतकी वर्षं अडलं कुठं होतं तुमचं?"

त्यांनी रजिस्टरचा कोपरा सरळ केला. "माझं नाव लागलं की त्यांच्या नावाला कंस पडतो, म्हणजे ते रद्द," ते म्हणाले. "गिरणीत त्यांना नंबरानं हाक मारायचे गं. पूर्ण नाव तेवढं त्या एका कागदावर आहे."

मला रडू आलं. राग तरीही गेला नाही.

पुढच्या आठवड्यात मी त्यांना नगर भूमापन कार्यालयात नेलं. सर्व्हर चालू होता. मृत्यूचा दाखला, प्रतिज्ञापत्र, सगळं बाबांनी क्रमानं लावून आणलं होतं. "कंस न करता नाही का जमणार?" त्यांनी खिडकीतल्या बाईंना विचारलं.

"काका, गेलेल्यांना मालक म्हणून चालू कसं ठेवू?"

बाबांनी मान हलवली. कारकुनाला कारकुनाचं म्हणणं पटलं.

मग बाबांच्या नावाची नोटीस आली. सुनावणी झाली, आमच्यासमोर टेप धरून नव्यानं मोजणी झाली आणि रेषा खोलीत न शिरता बाहेरच्या पायरीवर थांबली. पायरी गेली, रीतसर, मोबदल्यासकट. खोली राहिली.

तो लेखी आदेश आला त्या दुपारी बाबांनी डाव्या पानावर त्याची नोंद केली. मग उजवं पान पुढे ओढलं. आमच्या घरातून बाहेर जाणारे कागद थोडेच, त्यामुळे ते पान बहुतेक रिकामंच असायचं. त्यांनी जावक क्रमांक घातला, मिळकत पत्रिकेवर कंस पडला ती तारीख टाकली आणि पुढे आजोबांचं पूर्ण नाव सुवाच्य अक्षरात लिहिलं. 'कोठे पाठविले' या रकान्यावर पेन थोडा वेळ थांबलं. तो रकाना त्यांनी कोरा ठेवला आणि शाई वाळेपर्यंत रजिस्टर मिटलं नाही.