पप्पांची झडती

नवरा माझ्या मुलीला पळवून नेईल अशी भीती मला कधीच वाटली नव्हती. तरी मी कोर्टात तसं लिहून दिलं आणि पोलीस संरक्षण मिळवलं. हे वाक्य मी सख्ख्या आईजवळही बोलले नव्हते.

आम्ही वेगळे झालो, मी मुलीला घेऊन डोंबिवलीला माहेरी आले, तो ठाण्यातल्या वर्तकनगरलाच राहिला. मे महिन्यात त्याचा फोन आला, "आई आजारी आहे. मुलीला गावी नेऊ का? दोन-चार दिवसांत आणून सोडतो." मी ऑफिसात होते. म्हटलं, "ने." मुलगी फ्रॉकला फणसाचा चीक लावून, मजेत परतली. ताब्याच्या दाव्यात मात्र मी शपथेवर लिहिलं की तो मला न सांगता तिला घेऊन गेला. मला ती सगळीच्या सगळी हवी होती.

कोर्टाने एक शनिवार आड भेट दिली. पोलीस ठाण्याच्या आवारातून त्याने तिला न्यायचं, संध्याकाळी तिथेच आणून द्यायचं, समोर महिला शिपाई. पहिल्याच दिवशी मी शिपाईताईंना म्हटलं, "त्याची बॅग बघा ना."

"मॅडम, आदेशात तसं काही नाही."

मी हटून बसले. त्याने बॅग उघडली. आत तिची टोपी आणि डब्यात शिरा. मुलगी माझं बोट धरून बघत होती.

ताईंनी पुन्हा कधी बॅग बघितली नाही. मीही मुलीला गेटाशी सोडून लगेच फिरायचे. एकदा तिची पाण्याची बाटली माझ्याकडेच राहिली म्हणून आत गेले, तर तो दोन्ही हात वर करून उभा होता आणि मुलगी त्याचे खिसे चाचपत होती.

"पप्पा, हलू नका."

"नाही हलत, मॅडम."

"हे काय?"

"रुमाल. जप्त करताय का?"

"ई, कालचा आहे. राहू दे."

"हिला भरतीच करून घेतो आम्ही," शिपाईताई हसत म्हणाल्या. तोही हसला. मोजे तपासून झाल्यावरच तिने त्याला मिठी मारली.

संध्याकाळी मी विचारलं, "अगं, पप्पांचे खिसे कशाला बघतेस?"

"बघायचेच असतात. मी सांगितलंय त्यांना, मला चोरू नका, म्हणजे तुम्हाला आत टाकणार नाहीत."

ती चपाती खात होती. 

वकीलबाईंना सगळं सांगितलं तेव्हा त्यांनी चष्मा काढून ठेवला. "हे आत्ता सांगताय? शपथेवर खोटं बोललात तुम्ही. ताबा जाऊ शकतो."

"माहितीये."

"मग सांगायचं तर पूर्ण सांगा. सारवासारव मला चालणार नाही."

कोर्टात न्यायाधीशबाईंनी विचारलं, "फोन आला होता?" मी म्हटलं, "आला होता. मीच 'ने' म्हटलेलं." तो माझ्याकडे बघत होता. मी बघितलं नाही. त्या दिवशी पोलिसांसमोर भेटण्याची अट कोर्टाने काढून टाकली. ताब्याचा निकाल यायचाय, माझ्या खोट्याचं काय करायचं तेही ठरायचंय.

मुलीलाही सांगितलं. तिने विचारलं, "मग आता तुला आत टाकणार?" म्हटलं, "बघू. पण पप्पांनी तुला चोरलं नव्हतं, हे खरं."

पुढच्या शनिवारी तो आमच्या बिल्डिंगखाली आला. बॅग ठेवली आणि सवयीने हात वर केले. मुलगी माझ्याकडे बघू लागली.

"तपासू नकोस," मी त्याला ऐकू जाईल असं म्हणाले. "त्यांनी काही केलेलं नाही. खोटं मी बोलले होते."

तिने विचार केला. "रुमाल तेवढा बघते."

सवय एका दिवसात जायची नाही. म्हणून दर खेपेला मी खाली उतरते आणि ते वाक्य पुन्हा म्हणते, वॉचमन ऐकत असला तरी. उद्या ती त्याच्याकडे वर्तकनगरला राहायला गेली, तर तिथे जाऊन म्हणेन.