रमेश आणि सुनंदाचा संसार

आमच्या विभागात माणसं मोजून चार, पण किस्से इतके साठले की निवृत्त होऊन इतकी वर्षं झाली तरी छावणी भागातल्या आमच्या चहाच्या बैठकीत मला विषय कमी पडलेला नाही. यात माझं कौतुक काही नाही, धंदाच तसा. आम्ही भाषाविज्ञानवाले. वाक्य कसं रचलं जातं आणि त्याचा अर्थ कसा लागतो, याचे नियम गणितासारखे मांडायचे, हे आमचं काम. नियम कागदावर मांडता येतो, पण तो खरा की खोटा हे ठरवायला माणसं लागतात. म्हणून आम्ही दिसेल त्याला मुद्दाम घडवलेलं वाक्य ऐकवायचो आणि विचारायचो, "असं कुणी बोलेल का?" दिवसभर हे विचारत फिरणाऱ्याला किस्से शोधावे लागत नाहीत.

चार माणसं म्हणजे विभागप्रमुख टाकळकर सर, मी, शिपाई करीमभाई आणि पीएचडी करणारी एकुलती एक उज्ज्वला. उज्ज्वला सिल्लोडकडच्या शेतकरी घरातली. तालुक्याच्या एका कॉलेजात तिला तात्पुरती नोकरी होती. पीएचडी झाली तर नोकरी पक्की, नाहीतर घरी. त्यामुळे हसतानाही थोडी धास्ती सगळ्यांनाच असायची.

* * *

आमच्या शास्त्रात एक पद्धत आहे. जे वाक्य कुणी बोलणार नाही, त्याच्या डोक्यावर तारा काढायचा. सरांच्या हाताला ती सवयच लागली होती. एकदा संस्थेच्या संचालकांची नोटीस बोर्डावर लागली आणि सरांनी वाचता वाचता सहा वाक्यांवर तारे काढले.

दुपारी संचालकांनी बोलावून घेतलं. "हे तारे कशाचे?"

सर म्हणाले, "महत्त्वाची वाक्यं आहेत, साहेब."

पुढच्या महिन्यापासून संचालक साहेब स्वतःच नोटिशीत तारे काढून पाठवू लागले. आणि खरं सांगतो, बहुतेक वेळा बरोबर ठिकाणी!

* * *

एकदा सर, उज्ज्वला आणि मी सिल्लोडच्या बाजारात गेलो. मक्याच्या पोत्याला टेकून एक शेतकरी बसला होता. सरांनी त्याला वाक्य ऐकवलं, "ज्याच्याकडे बैल असतो तो त्याला उपाशी ठेवतो."

सरांना एवढंच पाहायचं होतं, की ऐकणारा यातला 'त्याला' कुणाला जोडतो.

शेतकरी उठून उभा राहिला. "कुणी सांगितलं तुमाला?"

"कुणी नाही. फक्त वाक्य कसं वाटतं ते सांगा."

"आमचे बैल खाऊनपिऊन हायेत. चला, दावतो."

नको म्हणायची सोय नव्हती. तासाभरात आणखी चार जण जमले. सरकारी खात्याचे लोक बैलांची चौकशी करायला आलेत, अशी बातमी तोवर बाजारभर झाली होती. आम्ही प्रत्येकाच्या बैलाच्या पाठीवर हात फिरवला, बरगड्या पाहिल्या, दोन ठिकाणी चहा घेतला.

परतताना एसटीत सरांनी वही काढली आणि नोंद केली, "वाक्याबद्दल मत मिळाले नाही. बैल उत्तम."

* * *

करीमभाई घरात दखनी उर्दू बोलायचे आणि बाहेर अस्सल सिल्लोडची मराठी. त्यामुळे उज्ज्वला त्यांना रोज वीस-पंचवीस वाक्यं ऐकवायची. एका सोमवारी तिच्या लक्षात आलं की करीमभाईंनी सकाळी जी वाक्यं "नाय, गलत" म्हणून उडवली होती, तीच दुपारी "व्हय, चलतंय" म्हणून पास केली होती. तिच्या सहा महिन्यांच्या वह्यांमध्ये हाच प्रकार निघाला. ती रडकुंडीला आली.

सरांनी करीमभाईंना समोर बसवलं. "सकाळी चूक आणि दुपारी बरोबर, हे कसं?"

करीमभाई शांतपणे म्हणाले, "साब, सकाळी पोटात काय नसतं. तवा सगळंच गलत वाटतं. दोपहर को भजी खाल्ली की म्हणतो जाऊ द्या, बोलला बिचारा तर बोलला."

सहा महिन्यांचं काम पुन्हा करावं लागलं. या खेपेला प्रत्येक वाक्यापुढे उज्ज्वलानं दोन वेगळे रकाने आखले होते, 'भजीपूर्वी' आणि 'भजीनंतर'.

* * *

उज्ज्वलाचे वडील, दादा, एकदा लेकीचं काम बघायला आले. फळ्यावर सरांनी एका वाक्याची आकृती काढलेली होती. वरून एक रेघ, तिच्या दोन फांद्या, प्रत्येक फांदीच्या पुन्हा दोन, अशी खालपर्यंत. दादा बराच वेळ पाहत राहिले. तलाठ्याकडे वारसाची नोंद करायला त्यांनी असल्या पुष्कळ आकृत्या पाहिल्या होत्या.

"कुणाच्या घरची वंशावळ म्हणायची ही?"

"वाक्याची आहे, दादा," उज्ज्वला म्हणाली.

"असू दे. पण परत्येकाला दोनच लेकरं?"

सर खुशीत आले. हा त्यांचा लाडका सिद्धांत. "दोनच. कमी नाही, जास्त नाही. कुठल्याही भाषेत, कुठल्याही वाक्यात दोनच."

दादांनी मान हलवली. "लई कडक नियम. आमच्याकडं सरकारला बी जमला नाय."

* * *

घरीही माझी सुटका नव्हती. जेवताना मी बायकोला विचारायचो, "आमटीत मीठ कमी आहे असं मी म्हणालो असं तुला वाटलं, असं कुणी म्हणेल का?" पहिली दोन वर्षं ती उठून मीठ आणायची. मग तिनं नियम केला. मी काही म्हणालो की ती आधी विचारायची, "हे घरातलं की विभागातलं?"

लग्नाच्या वाढदिवसाला मी मनापासून म्हणालो, "तू नसतीस तर माझं काही खरं नव्हतं."

तिनं ताटावरून मान वर केली. "विभागातलं?"

"घरातलं," मी म्हणालो.

"मग परत म्हणा."

मी परत म्हणालो. दुसऱ्यांदा जास्त अवघड गेलं, हे कबूल करतो.

* * *

आता उज्ज्वलाच्या व्हायवाचा, म्हणजे पीएचडीच्या तोंडी परीक्षेचा किस्सा.

सरांचा एक दंडक होता. उदाहरणातली नावं कधी बदलायची नाहीत. नाव बदललं की ऐकणारा नावाचा विचार करतो, वाक्याचा करत नाही, असं ते म्हणायचे. त्यामुळे उज्ज्वलाच्या सगळ्या प्रबंधात माणसं दोनच, रमेश आणि त्याची बायको सुनंदा. रमेशनं सुनंदाला साडी आणली. रमेशनं सुनंदाला न सांगता म्हैस विकली. सुनंदा माहेरी गेली हे रमेशला कुणी सांगितलं? असं चार वर्षं.

ही वाक्यं ती सगळ्यात जास्त ऐकवायची ती आत्याला. दादांची थोरली बहीण, सोयगावकडच्या एका खेड्यात दिलेली. शाळेचं तोंड न पाहिलेली, पण कान असा की सर तिला विभागाचं सुप्रीम कोर्ट म्हणायचे. दर सुट्टीत उज्ज्वला वही घेऊन तिच्याकडे जायची. आत्या शेंगा फोडत ऐकायची आणि "व्हय" किंवा "नाय" म्हणायची. एका प्रश्नात दुसरा प्रश्न कसा गुंफतात, याच्या नियमाचं पाचवं प्रकरण सगळं आत्याच्या व्हय-नायवर उभं होतं.

परीक्षक पुण्याहून आले. माणूस विद्वान आणि वाक्यागणिक शंका काढणारा. पाचव्या प्रकरणावर त्यांनी बोट ठेवलं. "असा लांबलचक प्रश्न एका दमात कुणी विचारत असेल, यावर माझा विश्वास बसत नाही. हे तुम्ही बाईंकडून वदवून घेतलं असणार."

"आत्या बाहेरच बसल्या आहेत," सर म्हणाले.

आत्या दादांबरोबर एसटीनं आली होती. तिला आत आणून खुर्चीवर बसवलं. परीक्षक म्हणाले, "मी एक नवीन वाक्य करतो. तुमचा नियम खरा असेल तर बाई हो म्हणतील. नाही म्हणाल्या तर प्रकरण पुन्हा लिहावं लागेल."

पुन्हा लिहायचं म्हणजे एक वर्ष, आणि तोवर कॉलेजातली जागा दुसऱ्या कुणाला गेली असती. उज्ज्वलानं खुर्चीचा हात घट्ट धरला.

परीक्षकांनी वाक्य सावकाश म्हटलं, "सासूला काय वाटतं, रमेशनं कुणापायी सुनंदाला टाकलं?"

आत्याचा चेहरा उतरला. "हे तुमाला कुणी सांगितलं?"

"कुणी नाही. मी आत्ताच केलं."

"तरीच," आत्या म्हणाली. "नाय. असं कुणी बोलायचं नाय."

परीक्षकांनी कागदावर 'नाही' लिहिलं आणि पेनाला टोपण लावलं. उज्ज्वला खाली पाहत होती.

पण आत्याचं संपलं नव्हतं. "चार साल झालं मी त्या पोराला वळखते. सुनंदा माहेरी गेली तवा त्यो दोन दिस जेवला नाय. म्हैस इकली, पण ती हिच्याच दवाखान्यापायी. असा मानूस बायकू टाकंल व्हय?"

परीक्षकांनी प्रबंध उघडला. दोन दिवस न जेवल्याचं उदाहरण पाचव्या प्रकरणात होतं, दवाखान्याचं तिसऱ्यात. सरांनी कपाळावर हात ठेवला.

"आत्या," मी म्हणालो, "रमेश राहू द्या. तुमच्या गावात दुसऱ्या कुणी बायको टाकली असती तर? तर असं विचारतील?"

"तर विचारतीलच की. आमची शेजारीन दुसरं काय करती दिसभर? 'सासूला काय वाटतं, गणप्यानं कुणापायी बायकू टाकली?' पान्यावर, गिरणीवर, समदीकडं ह्येच. पन रमेशबद्दल म्या ऐकून घेनार नाय."

परीक्षकांनी पेनाचं टोपण काढलं आणि 'नाही' खोडलं. मग त्यांनी अहवालाचा कागद पुढे ओढला, चार ओळी लिहिल्या आणि घडी घालून सरांकडे दिला. सरांनी तो उघडून मोठ्यानं वाचला:

"पदवी देण्यास हरकत नाही. दुरुस्ती एकच. प्रबंध संपतो तेव्हा सुनंदा अजून माहेरीच आहे. तिला परत आणावे."