खालची पायरी

बाटल्यांच्या कारखान्यात तिला सगळे घार म्हणत. पट्ट्यावरून सरकत येणारी प्रत्येक बाटली दिव्यासमोरून जाई, आणि केसाएवढी चीरही तिच्या नजरेतून सुटत नसे. बावीस वर्षं हेच काम. मागच्या वर्षी नवे साहेब आले आणि पहिल्याच आठवड्यात त्यांनी सगळी स्टुलं उचलून नेली. उभा माणूस जागा राहतो, असं ते कुठल्याशा शिबिरात ऐकून आले होते.

तेव्हापासून घारीचा उजवा गुडघा दुपारपर्यंत टम्म सुजे. स्टुलासाठी तिनं तीन अर्ज केले. पहिल्यावर साहेबांनी चारचौघांत शाबासकी दिली, दुसऱ्यावर प्रशस्तिपत्र. तिसऱ्यावर तिचा फोटो दारापाशी लागला, 'आदर्श कामगार' म्हणून.

पुढे खोक्यात बाटल्या भरणारी तिची धाकटी जाऊ म्हणाली, "अजून एक अर्ज करा जाऊबाई, पुतळा उभारतील."

"तोही उभाच असेल मेला!"

मग एक दिवस साहेबांनी सुताराकडून पाच पायऱ्यांचा लाकडी मनोरा करून आणला. पायऱ्यांवर रंगवलं होतं: सगळ्यात खाली शरीर, मग सुरक्षितता, आपलेपणा, मान, आणि टोकाला स्वतःला घडवणं. "तुमच्या गरजा जिथवर भागल्यात, त्या पायरीवर उभ्या राहा," साहेब म्हणाले. साहेबांना काय हवंय हे बायकांना बरोबर कळलं. वर जायला नुसती रेटारेटी झाली.

घार सगळ्यात खालच्या पायरीवर बसली. चांगली पाय पसरून.

"बाई, तुम्ही चौथ्या पायरीवर. मान मिळालाय तुम्हाला."

"मानाला टेकता येत नाही साहेब. स्टूल आल्याशिवाय मी उठणार नाही."

"नोकरी जाईल."

"जाऊ दे. गुडघा गेला तर ती तशीही जाणारच."

तेवढ्यात भोंगा झाला, पट्टा सुरू झाला. साहेब लालबुंद झाले. "यात काय एवढं!" म्हणत तेच दिव्यासमोर उभे राहिले. पहिल्या पावतासात जावेनं चिरलेल्या अकरा बाटल्या बाजूला काढल्या आणि दर वेळी मोठ्यानं आकडा सांगितला. साहेब या पायावरून त्या पायावर होऊ लागले. तासाभरानं मुकादमानं, बिचाऱ्यानं सवयीनं, कोठीतून एक स्टूल आणून त्यांच्यामागे सरकवलं.

साहेब बसले.

पट्ट्यावरच्या सगळ्या माना वळल्या. साहेबांच्या लक्षात आलं, पण उशिरा. घार लंगडत त्यांच्यापुढे येऊन उभी राहिली.

"झालं बसून? उठा आता."

साहेब उठले. जाताजाता त्यांनी दारापाशी तिचा फोटो खिळ्यावरून ओरबाडून काढला.

"न्या की," घार स्टुलावर टेकत म्हणाली, "त्याला कुठे गुडघे आहेत!" आणि तिनं समोरची बाटली दिव्यापुढे धरली. चिरलेलीच होती.